भिंत उभारणाराही चित्रपटाचा कर्ता

1978 साली फेडेरिको फेलिनींनी इटलीच्या सरकारी टेलिव्हिजनच्या मदतीने 'प्रोवा दोर्केस्त्रा' हा जेमतेम सत्तर मिनिटांचा चित्रपट केला. वाद्यवृंदाची एक तालीम, एवढाच त्याचा विषय. सगळं घडतं एका खोलीत. ती खोली म्हणजे एक जुनं प्रार्थनागृह, जिथे कधीकाळी पोप आणि बिशप पुरले गेले आहेत. वादक येतात, कुरकुरतात, मग कंडक्टरविरुद्ध बंड करतात आणि त्याच पवित्र भिंतींवर घोषणा रंगवून ठेवतात. शेवटी बाहेरून पाडकामाचा एक अजस्र लोखंडी गोळा येऊन भिंतीवर आदळतो. भिंत फुटते, हार्प वाजवणारी बाई ढिगाऱ्याखाली जाते आणि त्या धुरळ्यात उरलेले वादक मुकाट्याने आपापली वाद्यं उचलतात.

या चित्रपटाचं संगीत निनो रोता यांचं. फेलिनींसाठी त्यांनी केलेलं हे शेवटचं काम; एप्रिल 1979 मध्ये ते गेले. आणि ती खोली, ती फुटणारी भिंत कलादिग्दर्शक दान्ते फेरेत्ती यांची. कलादिग्दर्शक म्हणून फेलिनींबरोबरचं त्यांचं हे पहिलं काम, तेव्हा ते पस्तिशीत होते. चित्रपट पाहिल्यावर संगीत आठवतं तशीच ती भिंतही आठवते. पण इटलीच्या कायद्याच्या लेखी रोता या चित्रपटाचे सहकर्ते आहेत आणि फेरेत्ती नाहीत. हा भेद मला अन्यायाचा वाटतो. तो पुसला पाहिजे असं माझं मत आहे, आणि त्यासाठी फेरेत्तींच्या कारकिर्दीइतका भक्कम पुरावा मला दुसरा दिसत नाही.

आधी कायदा काय म्हणतो ते पाहू. इटलीचा कॉपीराइट कायदा 22 एप्रिल 1941 चा, क्रमांक 633. त्याचं कलम 44 चित्रपटाचे सहकर्ते कोण ते सांगतं: मूळ कथेचा लेखक, पटकथाकार, संगीतकार आणि दिग्दर्शक. चौघांवर यादी संपते. रोममध्ये चिनेचित्ता हा प्रचंड स्टुडिओ 1937 साली उभा राहिला होता, म्हणजे कायदा झाला तेव्हा तिथे आख्खी शहरं उभारली आणि मोडली जात होती. तरी त्या उभारणाऱ्यांचं नाव यादीत आलं नाही. यामागे काही खोल कलाविचार होता असं मला वाटत नाही. लेखक आणि संगीतकार 1882 पासून आपल्या संस्थेत संघटित होते, वसुलीची त्यांची यंत्रणा तयार होती. सुतार, रंगारी, प्लास्टरकाम करणारे यांच्यातून वर आलेल्या कलादिग्दर्शकाची बाजू मांडायला तिथे कोणी नव्हतं. कायद्याने कलेची नव्हे, तर संघटनेची ताकद मोजली.

सहकर्ता असण्याने काय फरक पडतो, असं कोणी विचारेल. श्रेयनामावलीत नाव तर येतंच, पुरस्कारही मिळतात. फरक पैशाचा आहे आणि हक्काचा आहे. त्याच कायद्याच्या 46-बिस या कलमाने चित्रपटाच्या कर्त्यांना टेलिव्हिजनवरच्या प्रक्षेपणासाठी रास्त मोबदल्याचा हक्क दिला आहे, आणि हा हक्क करारातही सोडून देता येत नाही. परदेशी चित्रपट इटलीत दाखवला तर त्याचे संवाद इटालियनमध्ये आणणाऱ्यालाही हा मोबदला मिळतो. मिळालाच पाहिजे, ते अवघड आणि कल्पक काम आहे. पण याचा अर्थ असा की 'गँग्ज ऑफ न्यूयॉर्क' या चित्रपटासाठी फेरेत्तींनी उभारलेलं न्यूयॉर्क इटालियन टेलिव्हिजनवर दिसतं तेव्हा त्यातल्या गुंडांच्या तोंडी इटालियन वाक्यं घालणारा हक्कदार ठरतो, आणि ते गुंड ज्या चिखलात, ज्या लाकडी जिन्यांवर लढतात ते सगळं रचणारा ठरत नाही.

रंगभूमीच्या बाबतीत हाच कायदा जास्त समंजस आहे. नाटकाच्या नेपथ्याच्या रेखाटनाला स्वतंत्र कलाकृती म्हणून संरक्षण मिळत नसलं, तरी ते दुसऱ्या नाट्यगृहात पुन्हा वापरलं तर पाच वर्षांपर्यंत रेखाटनकाराला मोबदला द्यावा लागतो. कलम 86. म्हणजे रंगमंचावरची जागा कोणाच्या तरी डोक्यातून आलेली असते हे 1941 च्या इटलीला कळत होतं. कॅमेरा समोर आला की ते का विसरायचं?

आता माणसाकडे येऊ. फेरेत्तींचा जन्म 1943 चा, मध्य इटलीतल्या माचेरातातला. शिक्षण रोममध्ये, आणि खरं शिक्षण लुईजी स्काच्यानोचे या ज्येष्ठ कलादिग्दर्शकाच्या हाताखाली. पिएर पाओलो पाझोलिनींनी 1964 साली येशूच्या जीवनावर चित्रपट केला तेव्हा फेरेत्ती साहाय्यक होते. दक्षिण इटलीतल्या मातेरा गावातली दगडात कोरलेली घरं जेरुसलेम म्हणून वापरली गेली. सरकारने 'राष्ट्राची लाज' म्हणत त्या गुहाघरांतली माणसं बाहेर काढायला सुरुवात करून तेव्हा दहा-बारा वर्षं झाली होती. पुढे 1993 मध्ये युनेस्कोने त्याच घरांना जागतिक वारसा ठरवलं. कलादिग्दर्शकाच्या कामाचा हा भाग लोकांना दिसत नाही: एकही खिळा न ठोकता, योग्य ठिकाण शोधून त्याला दुसरा अर्थ देणं. पाझोलिनींबरोबर पुढे 'मेदेआ'पासून 1975 च्या 'सालो'पर्यंत फेरेत्तींनी हेच केलं. 'सहस्ररजनी'वरच्या (अरेबियन नाइट्स) चित्रपटासाठी ते येमेन, इराण, नेपाळपर्यंत गेले. सापडलेल्या वास्तूत किती हात घालायचा आणि कुठे थांबायचं, हा विवेक त्यांना तिथे मिळाला असावा.

फेलिनींकडे सगळं उलटं होतं. त्यांना खरी जागा नकोच असे. 1983 च्या 'ए ला नावे वा'मध्ये 1914 च्या उन्हाळ्यात एका ऑपेरा गायिकेची रक्षा समुद्रात सोडायला निघालेलं जहाज आहे. आख्खं जहाज चिनेचित्तामध्ये बांधलं, हायड्रॉलिक यंत्रणेवर ठेवलं आणि हलवलं. समुद्र प्लॅस्टिकच्या कापडाचा. तो खोटा आहे हे प्रेक्षकाला पहिल्या क्षणापासून दिसतं आणि तरी पोटात ढवळतं. शेवटी कॅमेरा मागे सरकतो तेव्हा जहाजाखालचे खांब, यंत्रं, कामगार, सगळं उघडं पडतं. हा चित्रपट ज्या खोटेपणाबद्दल बोलतो तो खोटेपणा संवादात नाही, त्या प्लॅस्टिकच्या लाटेत आहे. मग लाट करणारा विचार करत नव्हता, नुसता हुकूम पाळत होता असं म्हणायचं?

इथे मला सर्वांत जवळून दाखवावीशी वाटते ती एकच जागा. जाँ-जाक आनो यांनी 1986 मध्ये उंबेर्तो एको यांच्या 'द नेम ऑफ द रोझ' कादंबरीवर चित्रपट केला. कादंबरीतला मठ कोणत्याही एका खऱ्या मठाची नक्कल नाही, म्हणून रोमजवळच्या एका टेकडीवर तो बाहेरून नव्याने बांधला. 'क्लिओपात्रा'नंतरचा युरोपातला तो सर्वांत मोठा बाह्य सेट मानला जातो. आतली बरीच दृश्यं जर्मनीतल्या एबरबाख मठात चित्रित झाली. पण मुद्दा ग्रंथालयाचा आहे. एकोंच्या कादंबरीत ते चक्रव्यूहासारखं ग्रंथालय एकाच मजल्यावर पसरलेलं आहे: 56 खोल्या, काही सातकोनी, दारातून दार. वाचताना आपण नकाशा डोक्यात धरून चालतो, आणि कादंबरीत नकाशा छापलेलाही आहे. पडद्यावर ही रचना जशीच्या तशी आणली असती तर प्रेक्षकाला एकामागून एक सारख्याच खोल्या दिसल्या असत्या. हरवल्याची भीती वाटण्याऐवजी कंटाळा आला असता. चित्रपटातल्या ग्रंथालयात चक्रव्यूह उभा झाला. मधल्या पोकळीतून वर-खाली धावणारे दगडी जिने, मध्येच अधांतरी तुटल्यासारखे पूल, एका मजल्यावरून दुसऱ्यावर दिसणारा पण हाताशी न येणारा कंदील. पिरानेसी या इटालियन चित्रकाराने अठराव्या शतकात कोरलेल्या कल्पित तुरुंगांच्या चित्रांची आठवण होते. त्या ग्रंथालयात शिरलेले कथेतले गुरू आणि शिष्य चुकामूक होऊन एकमेकांना हाका मारतात, आवाज ऐकू येतो, पण पोहोचता येत नाही. सपाट मजल्यावर हा प्रसंग असा घडलाच नसता. ज्ञान जवळ दिसतं, ऐकू येतं आणि तरी मिळत नाही, हा कादंबरीचा गाभा पटकथेतल्या एकाही वाक्याशिवाय त्या जिन्यांनी सांगितला.

कायदा याला काय म्हणतो? पटकथाकाराने कादंबरीतला एखादा प्रसंग बदलला असता तर तो बदल कर्तृत्व. जिन्यांनी बदलला, तर ती सेवा.

मार्टिन स्कॉर्सेसींबरोबर फेरेत्तींनी नऊ चित्रपट केले. 'द एज ऑफ इनोसन्स' 1993 चा, 'सायलेन्स' 2016 चा. त्यातल्या पहिल्याविषयी एवढंच म्हणतो की एकोणिसाव्या शतकातल्या न्यूयॉर्कच्या श्रीमंत घरांमध्ये भिंतीवर कोणती चित्रं टांगली आहेत हे पाहिलं तरी कोण रुळलेल्या वाटेवरचा आणि कोण वाट सोडणारा ते कळतं. 'कुंडुन'साठी मोरोक्कोत ल्हासा उभं राहिलं, 'ह्युगो'साठी इंग्लंडमध्ये पॅरिसचं मोंपार्नास स्थानक. 'द एव्हिएटर', 'स्वीनी टॉड' आणि 'ह्युगो' या तिन्हींसाठी फेरेत्ती आणि त्यांच्या पत्नी, सेट डेकोरेटर फ्रांचेस्का लो स्क्यावो, यांना मिळून ऑस्कर मिळाले. 2013 मध्ये न्यूयॉर्कच्या म्युझियम ऑफ मॉडर्न आर्टने त्यांच्या रेखाटनांचं आणि कामाचं प्रदर्शन भरवलं. 2006 मध्ये तोरिनोच्या इजिप्शियन संग्रहालयातलं पुतळ्यांचं दालन त्यांनी नव्याने मांडलं, अंधार आणि प्रकाशझोत वापरून, तेव्हा ती मांडणी फेरेत्तींची म्हणूनच ओळखली गेली. पुतळे तीन-चार हजार वर्षांपूर्वीच्या शिल्पकारांचे. तरी मांडणीचं कर्तृत्व मान्य व्हायला कोणाला अडचण आली नाही.

आता आक्षेप. सर्वांत जुना आक्षेप असा की कल्पना दिग्दर्शकाची असते, कलादिग्दर्शक ती प्रत्यक्षात आणतो. फेलिनींच्या बाबतीत यात तथ्य आहे हे मान्य केलं पाहिजे. ते स्वतः उत्तम रेखाटनं करत, पात्रं आणि जागा कागदावर काढून देत. पण तेच फेलिनी रोता यांच्या पियानोशेजारी बसून धून आकाराला येताना सांगत असत: हे नको, ते पुन्हा वाजव. म्हणून कोणी रोतांचं संगीत फेलिनींच्या खात्यावर मांडलेलं नाही. फेरेत्तींनी मुलाखतींत एक गोष्ट वारंवार सांगितली आहे. सकाळी स्टुडिओकडे जाताना फेलिनी विचारत, 'दान्तिनो, काल रात्री काय स्वप्न पाहिलंस?' फेरेत्तींना स्वप्नं आठवत नसत, म्हणून ते लहानपणीच्या आठवणींतून रचून सांगत. फेलिनींना ती रचलेली आहेत हे कळत असे, आणि त्यांतलं काही पुढे चित्रपटात उतरत असे. दोन माणसांनी मिळून एक कल्पना वाढवण्याची याहून स्पष्ट साक्ष कोणती हवी? सहकर्ता या कल्पनेचा अर्थच तो आहे.

दुसरा आक्षेप निर्मात्यांचा: कर्ते वाढले की प्रत्येकाची परवानगी, प्रत्येकाचा नकार, चित्रपट अडकणार. ही भीती निराधार आहे, कारण त्याच कायद्याचं कलम 45 चित्रपटाच्या आर्थिक वापराचे हक्क निर्मात्याच्या हाती ठेवतं. पाचवा कर्ता आला तरी चित्रपट विकण्याचा, दाखवण्याचा अधिकार निर्मात्याकडेच राहील. मोबदल्याच्या वाटणीत एक नाव वाढेल, एवढंच.

तिसरा आक्षेप मला खरोखर विचार करायला लावतो: मग थांबायचं कुठे? छायालेखक, संकलक, वेशभूषाकार? माझं उत्तर असं की या भीतीपोटी अन्याय चालू ठेवता येत नाही, आणि इतर देशांनी मार्ग शोधलेले आहेत. पोलंडच्या 1994 च्या कायद्याने चित्रपटात सर्जनशील भर घालणाऱ्या प्रत्येकाला सहकर्ता मानलं आणि 'विशेषतः' असं म्हणून काही नावं दिली, ज्यांत छायालेखकही आहे. यादी बंद केली नाही. म्हणजे पोलंडचा कलादिग्दर्शक आपली भर सिद्ध करून दार ठोठावू शकतो. इटलीत दारच नाही. युरोपीय संघाचा नियम फक्त मुख्य दिग्दर्शकाला कर्ता मानणं बंधनकारक करतो, बाकी कोणाला मानायचं ते प्रत्येक देशावर सोडतो. तेव्हा ब्रुसेल्सकडे बोट दाखवण्याची सोय इटलीच्या संसदेला नाही.

हा प्रश्न आत्ताच ऐरणीवर येण्याची कारणंही आहेत. 2019 च्या युरोपीय निर्देशाने कर्त्यांना आणि कलावंतांना योग्य आणि प्रमाणशीर मोबदल्याचं तत्त्व दिलं. इटलीने ते 2021 मध्ये आपल्या कायद्यात आणलं. त्यामुळे 'कर्ता' कोण हे ठरवणारी जुनी यादी आज पूर्वीपेक्षा जास्त महागात पडते. जो यादीत नाही, तो या नव्या हक्काच्याही बाहेर. स्ट्रीमिंगच्या जमान्यात चित्रपट वर्षानुवर्षं चालू राहतो आणि कलादिग्दर्शकाचा संबंध मात्र सेट मोडल्या दिवशी संपतो.

आणि संगणक. 'गँग्ज ऑफ न्यूयॉर्क'साठी फेरेत्तींनी चिनेचित्तामध्ये एकोणिसाव्या शतकातली फाइव्ह पॉइंट्स वस्ती, बंदराचा धक्का आणि जहाजं उभी केली. तो पसारा पाहून जॉर्ज लुकास म्हणाले होते की असले सेट आता संगणकावर होतात, असं सांगतात. ते खरंही झालं. पण संगणकावरची गल्लीही कोणीतरी रचावी लागते: किती अरुंद, कोणत्या दिशेने उतरती, कोणत्या खिडकीत दिवा. लाकूड गेलं तरी रचना राहिली. उलट आता चित्रपटातल्या जागा कृत्रिम बुद्धिमत्तेच्या यंत्राला शिकवण्यासाठी वापरल्या जातात आणि 'अमक्याच्या शैलीतला मठ' मागवला की क्षणात पुढे येतो. अशा वेळी संमती कोणाची घ्यायची? निर्मात्याची, कदाचित दिग्दर्शकाची. ज्याच्या डोळ्याची ती शैली, त्याला विचारण्याचं कारणच कायद्याने ठेवलेलं नाही. कलादिग्दर्शकाचं कागदावरचं रेखाटन चित्र म्हणून सुरक्षित असतं हे खरं, पण यंत्र रेखाटन पाहत नाही, चित्रपट पाहतं.

याला जोडून एक मागणी. 2012 मध्ये चिनेचित्ताच्या जागेत हॉटेल आणि इतर बांधकाम करण्याच्या खासगी व्यवस्थापनाच्या योजनेविरुद्ध तिथल्या कामगारांनी कित्येक आठवडे आंदोलन केलं. 2017 मध्ये स्टुडिओ पुन्हा सार्वजनिक मालकीत आला. त्या कामगारांची लढाई आणि कर्तृत्वाचा हा प्रश्न मला वेगळे वाटत नाहीत. लाकूडकाम, साचेकाम, रंगकाम करणाऱ्यांच्या पिढ्या तिथे नसत्या तर फेरेत्तींचं एकही रेखाटन उभं राहिलं नसतं. सार्वजनिक पैशातून चालणाऱ्या स्टुडिओने प्रत्येक चित्रपटाची रेखाटनं आणि नमुने जमा करून घेण्याची अट निर्मात्यांना घालावी. उद्या कोणाची भर किती हे ठरवायचं झालं तर पुरावा तिथेच मिळेल.

आपल्याकडे हे दूरच्या देशातलं भांडण म्हणून सोडून देता येत नाही. चिनेचित्ता सुरू झालं त्याच 1937 मध्ये व्हेनिसच्या महोत्सवात प्रभातचा 'संत तुकाराम' गौरवला गेला. त्याच्या दोन दिग्दर्शकांपैकी एक साहेबमामा फत्तेलाल, म्हणजे कोल्हापुरात बाबूराव पेंटरांच्या हाताखाली तयार झालेला कलादिग्दर्शक. देहू कसं दिसावं हे ठरवणारा माणूस आणि चित्रपट कसा असावा हे ठरवणारा माणूस तिथे एकच होता, म्हणून श्रेयाचा प्रश्न आला नाही. मराठी नाटकाच्या जाहिरातीत आजही लेखक-दिग्दर्शकाबरोबर नेपथ्यकाराचं नाव छापलं जातं आणि प्रेक्षक ते वाचून तिकीट काढतात. पण भारतीय कायदा चित्रपटाचा कर्ता म्हणून एकट्या निर्मात्याला ओळखतो. 2012 च्या दुरुस्तीने गीतकार, संगीतकार, लेखक यांना रॉयल्टीचा असा हक्क दिला जो करारातही सोडता येत नाही. कलादिग्दर्शक इथेही बाहेरच राहिला, आणि माझ्या माहितीत त्यावर मोठी चर्चा मराठीत झालेली नाही.

प्रभातची ती जागा आता पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटची आहे आणि तिथे कलादिग्दर्शनाचा स्वतंत्र अभ्यासक्रम आहे. तिथून बाहेर पडणाऱ्या मुलामुलींनी पहिल्याच करारात दोन ओळी मागाव्यात: रेखाटनांची मालकी माझ्याकडे राहील, आणि या सेटची प्रतिमा यंत्राला शिकवण्यासाठी किंवा दुसऱ्या निर्मितीत वापरायची असेल तर माझी लेखी संमती आणि वेगळा मोबदला लागेल. नवख्याला हे एकट्याने मागणं जड जाईल. म्हणून ही मागणी कलादिग्दर्शकांच्या संघटनांनी आधी उचलावी, आणि नाव झालेल्या कलादिग्दर्शकांनी आपल्या पुढच्या करारात ती घालून द्यावी, कारण त्यांना कोणी नाही म्हणणार नाही.